मोहर्लीच्या उन्हातला श्वास

चंद्रपूर जिल्ह्याच्या भद्रावती तालुक्यात, इरई धरणाच्या जलाशयाकाठी वसलेल्या मोहर्ली गावाचे नाव महाराष्ट्रात सर्वतोमुखी झाले ते वाघामुळे; आणि ते स्वाभाविकही आहे, कारण १९५५ साली, म्हणजे चांदा जिल्हा जुन्या मध्य प्रदेशच्या अमलाखाली असताना, ज्या अरण्याच्या ११६ चौरस किलोमीटर क्षेत्रास राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला आणि पुढे १९८६ साली जाहीर झालेल्या अंधारी अभयारण्याची जोड मिळून ज्याचा व्याघ्रप्रकल्प झाला, त्या ताडोबात शिरण्याचा सर्वांत गजबजलेला दरवाजा याच गावात आहे. प्रस्तुत लेखाचा विषय मात्र वाघ नव्हे. मोहर्लीच्या आसमंतात श्वानकुळाच्या तीन शाखा एकमेकींपासून हाकेच्या अंतरावर नांदतात, आणि त्यांतील सर्वांत लहान, सर्वांत लाडक्या व माझ्या मते सर्वांत दुर्दैवी शाखेची कैफियत मांडावी, एवढ्यासाठी हा लेखनप्रपंच आहे.

पहिली शाखा रानकुत्र्याची. तांबूस अंगाचा, झुपकेदार काळ्या शेपटीचा, टोळीने शिकार करणारा हा प्राणी आपल्या कुत्र्याचा भाऊबंद खरा, पण फार दूरचा. लक्षावधी वर्षांपूर्वी त्याचे घराणे वेगळे निघाले, आणि त्या विभक्तपणाची एक खूण म्हणजे कुत्र्याच्या जबड्यात ४२ दात असतात तर याच्या जबड्यात ४०. ऐन उन्हाळ्यात ही टोळी पाणवठ्यात अंग बुडवून बसलेली पर्यटकांना दिसते. दुसरी शाखा गावकुत्र्याची: अंगाने सडपातळ, नाकाने लांबट, पहाटे मोह वेचायला निघालेल्या माणसांच्या मागोमाग रानाच्या हद्दीपर्यंत जाणारी, आणि पुष्कळदा बिबट्याच्या भक्ष्यस्थानी पडणारी. तिसरी शाखा या मुलखात उपजलेली नव्हे. ती नागपूर-पुण्याकडून पर्यटकांच्या मोटारींतून, वातानुकूलित काचेआड बसून येते, प्रवेशद्वाराच्या आत पाळीव प्राण्यास मज्जाव असल्यामुळे मुक्कामाच्या खोलीतच मागे राहते, आणि तिच्यात अलीकडे ज्याचा भरणा ठळकपणे जाणवतो तो चपट्या तोंडाचा, वाटोळ्या डोळ्यांचा, कपाळावर वळ्या पडलेला पग.

मी मोहर्लीस मुक्कामाला होतो तो मे महिन्यात. या महिन्यात चंद्रपूरचा पारा ४५ अंशांच्या वर जाणे ही नवलाची बातमी नसते, आणि ज्या वर्षी तो ४७ अंशांपलीकडे जातो त्या वर्षी देशातील सर्वांत तप्त शहरांच्या यादीत या शहराचे नाव झळकते. दुपारी बारानंतर मोहर्लीचा रस्ता ओस पडतो. जिप्सी चालवणारे आणि वाटाडे सावली धरून पडतात. गावकुत्री हातपंपाखालच्या ओल्या मातीत पोटे टेकून निजतात. अशा एका दुपारी पर्यटकनिवासाच्या पडवीत मी एक पग पाहिला. नागपूरचे एक कुटुंब त्याला घेऊन आले होते. सकाळच्या सफारीसाठी घरातील माणसे आळीपाळीने गेली होती आणि एकजण त्याच्यापाशी थांबला होता, म्हणजे मायेत काही कसूर नव्हती. तो फरशीवर चारी पाय पसरून पडला होता. त्याची जीभ कडांशी वर वळून रुंद झालेली, रंगाने गुलाबीपेक्षा जांभळटाकडे झुकलेली. नाकपुड्यांच्या जागी दोन बारीक आडव्या चिरा, आणि प्रत्येक श्वासागणिक त्या चिरा उघडण्याऐवजी आत ओढल्या जात. आवाज असा की शेजारच्या खोलीतही ऐकू यावा. बाई म्हणाल्या, लहानपणापासून तो असाच घोरतो, त्याची सवयच आहे ती. निवासाची देखभाल करणारा गावातला मनुष्य बादली घेऊन आला, त्याने पाणी त्याच्या पोटावर नि मांड्यांवर ओतले, पंख्याचे तोंड त्याच्याकडे वळवले आणि मला हळूच म्हणाला, ‘साहेब, याले श्वासच पुरत नाही. आमच्या कुत्र्यायले असं होत नाही.’ अर्ध्या तासाने तो पग उठून बसला आणि पाणी प्याला. परंतु त्या माणसाच्या एका वाक्यात जो प्रश्न होता त्याचे उत्तर शोधायचे तर बरेच मागे, थेट या जातीच्या जडणघडणीपर्यंत जावे लागते.

आधी लहानपणाचा, म्हणजे लहान आकाराचा, विचार करू. कारण पगच्या व्यथांचे खापर त्याच्या लहान चणीवर फोडण्याचा मोह सहज होतो, आणि तो अन्यायाचा आहे. पाळीव कुत्र्यांच्या सर्वांत लहान नि सर्वांत मोठ्या जातींमध्ये आकाराचा सुमारे ४० पटींचा फरक आहे. भूतलावरील दुसऱ्या कोणत्याही सस्तन प्राण्यात एवढी तफावत आढळत नाही. २००५ साली टाशा नावाच्या एका बॉक्सर कुत्रीचा संपूर्ण जनुकीय आराखडा प्रसिद्ध झाला, आणि त्यानंतर अवघ्या दोन वर्षांत, अमेरिकेतील इलेन ऑस्ट्रँडर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असे दाखवून दिले की लहान जातींच्या बहुसंख्य कुत्र्यांत १५व्या गुणसूत्रावरील एका जनुकाचे एकच विशिष्ट रूप आढळते. हे जनुक शरीराच्या वाढीस चालना देणारे, इन्सुलिनशी साम्य असलेले एक प्रथिन घडवते. त्याला शास्त्रीय परिभाषेत आयजीएफ-१ म्हणतात. माणसाच्या उंचीवर शेकडो जनुकांचा प्रत्येकी तिळभर परिणाम असतो. कुत्र्यात मात्र सुमारे वीस जनुके आकाराचा बहुतेक कारभार पाहतात, आणि त्यांतील या एकट्याकडे जातीजातींमधील फरकाचा जवळजवळ १५ टक्के वाटा जातो. मनुष्याने कुत्र्याला हवे तसे घडवले, आणि एवढ्या थोड्या पिढ्यांत घडवले, त्याचे रहस्य या मोजक्या पण बलवान जनुकांत आहे.

याहूनही विलक्षण शोध २०२२ साली लागला. लहान आकाराकडे नेणारे हे रूप माणसाने निर्माण केलेले नव्हे, इतकेच नाही तर ते मूळचे आहे. मोठ्या आकाराचे रूप नंतरचे. आजचे लांडगे आणि मोठ्या जातींची कुत्री यांच्यात नंतरचे रूप प्रबळ, तर लहान जातींत आणि कोल्ह्यासारख्या आटोपशीर अंगाच्या रानटी बांधवांत मूळचे. हिमयुगातील लांडग्यांत हे मूळ रूप जवळजवळ लोप पावले होते, आणि कुत्रे माणसाच्या आश्रयास आल्यावर पुन्हा उजेडात आले. म्हणजे ताडोबाच्या वेशीवर रात्री ओरडणारा कोल्हा आणि पडवीतला तो पग यांच्या लहान चणीचा वारसा एकाच प्राचीन दस्तऐवजात नोंदलेला आहे, असे म्हणण्यास प्रत्यवाय नाही. लहान असणे हा कुत्र्याच्या जातीवर लादलेला शाप नव्हे. उलट लहान कुत्री सामान्यतः मोठ्यांपेक्षा अधिक जगतात.

सामान्यतः, असे मी हेतुपुरस्सर लिहिले. लंडनच्या रॉयल व्हेटरनरी कॉलेजच्या पुढाकाराने ब्रिटनमधील पशुचिकित्सालयांच्या दफ्तरांचा धांडोळा घेऊन २०२२ साली कुत्र्यांचे आयुर्मान मांडण्यात आले. जॅक रसेल टेरियर या लहान कुत्र्याचे जन्मकाळी अपेक्षित आयुष्य १२.७ वर्षे निघाले. सर्व कुत्र्यांची सरासरी ११.२ वर्षे, आणि पगची ७.७ वर्षे. आकाराने दोघे जवळजवळ सारखे, मग पाच वर्षे गेली कुठे? या पाच वर्षांचा हिशेब नाकाशी येऊन थांबतो.

कुत्र्याला माणसासारखा घाम येत नाही. पंजांच्या तळव्यांवर येतो तो नगण्य. उष्णता बाहेर टाकण्याचे त्याचे मुख्य साधन म्हणजे धापा टाकणे, आणि ही क्रिया दिसते तितकी ओबडधोबड नाही. क्नुट श्मिट-नील्सन या थोर शरीरशास्त्रज्ञाने सहकाऱ्यांसह १९७० साली सिद्ध केले की धापणारा कुत्रा हवा मुख्यतः नाकाने आत घेतो आणि तोंडाने बाहेर सोडतो. नाकाच्या पोकळीत कागदाच्या सुरळीसारखी गुंडाळलेली पातळ हाडे असतात, त्यांवर ओलसर अस्तर असते, अस्तराखाली रक्तवाहिन्यांचे दाट जाळे असते, आणि ते अस्तर वाळू नये म्हणून एक खास ग्रंथी पाणी पुरवीत राहते. कोरडी हवा त्या ओल्या पृष्ठभागावरून जाताना पाण्याची वाफ होते आणि रक्त थंड होते. विदर्भातल्या घराघरांत मार्च सरताच खिडकीत बसवतात त्या कूलरचेच हे तत्त्व: ताटी जितकी रुंद, जितकी ओली आणि तिच्यातून वारा जितका मोकळा, तितका गारवा अधिक. मोहर्लीच्या गावकुत्र्याच्या लांबट नाकात निसर्गाने अशी ऐसपैस ताटी बसवली आहे. पगच्या तोंडात ती चेपून, दुमडून कोंबलेली आहे.

कोंबलेली हा शब्द मी शब्दशः वापरतो. कवटीचे हाड आखूड झाले, परंतु त्या हाडाच्या आतील मांसल भाग त्या प्रमाणात आखूड झाले नाहीत. टाळूचा मऊ पडदा लांबच राहिला आणि घशाच्या वाटेत लोंबू लागला. जीभ जाडच राहिली. नाकपुड्या चिरेइतक्या अरुंद झाल्या. आणि जर्मनीतील लाइपत्सिग विद्यापीठात गेर्हार्ड ओख्टरिंग यांनी केलेल्या तपासण्यांत असे दिसले की नाकातील त्या गुंडाळलेल्या हाडांना जागा न उरल्याने ती मागे घशाच्या दिशेने, श्वासमार्गातच वाढतात. मग उन्हाच्या वेळी एक दुष्टचक्र सुरू होते. श्वास अपुरा पडतो म्हणून कुत्रा जोर लावतो. जोर लावणाऱ्या स्नायूंतून आणखी उष्णता निर्माण होते. ती घालवण्यासाठी तो आणखी धापा टाकतो. घशाचे अस्तर त्या घर्षणाने सुजते आणि वाट अधिकच अरुंद होते. निरोगी कुत्र्याचे तापमान साधारण ३८ ते ३९ अंश सेल्सिअस. ते ४१ च्या वर गेले की मेंदू, मूत्रपिंड, आतडी यांच्यावर आघात होऊ लागतो. ब्रिटनसारख्या थंड देशातसुद्धा उष्माघाताच्या नोंदींत पगचा धोका लॅब्रॅडॉरच्या तिपटीहून अधिक भरला. जिथे उन्हाळ्याच्या दुपारी रस्त्यावरचे डांबर मऊ पडते, त्या चंद्रपूरची गोष्ट निराळी सांगायला नको.

इथे एक व्यवहाराची गोष्ट नमूद केली पाहिजे, कारण मोहर्लीहून चंद्रपूरचा पशुवैद्य सुमारे ३० किलोमीटरवर आहे आणि तेवढ्या वाटेत प्राण जाऊ शकतो. उष्माघाताची लक्षणे दिसली तर कुत्र्याला आधी गार करावे आणि मग हलवावे. अंगावर भरपूर पाणी ओतावे आणि त्यावर वारा घालावा, जेणेकरून पाण्याची वाफ होत राहील. ओला टॉवेल अंगावर पांघरून ठेवण्याची जी रीत आहे ती घातक. काही मिनिटांत टॉवेल अंगाइतकाच तापतो आणि उष्णता आत कोंडतो. निवासाच्या त्या माणसाने पोटावर पाणी ओतले आणि पंखा लावला, तो कोणतेही पुस्तक न वाचता अगदी शास्त्रशुद्ध वागला होता. याउलट बंद खोलीत कूलर लावून कुत्र्याला मागे ठेवणे पुरेसे नाही. खिडकी-दार बंद असले की कूलर हवा दमट करतो, आणि दमट हवेत नाकातील वाफ होण्याची क्रिया मंदावते.

हे आखूड तोंड आले कुठून? पगचे पूर्वज चीनच्या राजवाड्यांतून डच व्यापाऱ्यांबरोबर युरोपात गेले असे त्याचा परंपरागत इतिहास सांगतो. मला या इतिहासापेक्षा एका चित्राची साक्ष अधिक मोलाची वाटते. इंग्लंडचा प्रख्यात चित्रकार विल्यम होगार्थ याने १७४५ साली स्वतःचे व्यक्तिचित्र रंगवले आणि त्यात आपला लाडका पग, ट्रम्प, पुढ्यात बसवला; लंडनच्या टेट संग्रहालयात ते आजही आहे. त्या कुत्र्याला नाक आहे, ठसठशीत पुढे आलेले तोंड आहे, आणि त्याचे पाय आजच्या पगहून लांब आहेत. म्हणजे चपटे तोंड हा या जातीचा अनादी स्वभाव नव्हे. पावणेतीनशे वर्षांपूर्वी पग म्हणून ओळखला जाणारा कुत्रा मोकळा श्वास घेत होता. पुढे १८७३ साली इंग्लंडात केनेल क्लब स्थापन झाला, जातिवंत कुत्र्यांच्या वंशावळींच्या नोंदवह्या सुरू झाल्या, प्रदर्शनांत बक्षिसे मिळू लागली, आणि ज्याचे तोंड अधिक चपटे त्यालाच पुढच्या पिढीचा बाप होण्याचा मान मिळू लागला. त्याच काळात राणी व्हिक्टोरियाने १८८८ साली फ्लॉरेन्सहून लहान चणीचा पॉमेरियन आणला आणि मोठ्या पॉमेरियनला लहान करण्याची चढाओढ लागली. त्या लहान केलेल्या कुत्र्यांच्या गुडघ्याच्या वाट्या सरकतात आणि श्वासनलिका चेपते, ही त्या चढाओढीची शिल्लक.

प्रदर्शनांत अशी निवड करणाऱ्यांपैकी कोणालाही जनुकांचे नाव ठाऊक नव्हते, तरीही ते जनुकांचीच निवड करीत होते. २०१२ साली बीएमपी-३ हे एक जनुक चपट्या कवटीशी निगडित असल्याचे आढळले. २०१७ साली एडिंबरोच्या शास्त्रज्ञांनी दुसरे जनुक शोधले, एसएमओसी-२. गुणसूत्रांत एका जागेहून दुसऱ्या जागी उडी घेणारा एक जनुकीय तुकडा या जनुकाच्या मधोमध येऊन बसला की त्याचे काम मंदावते आणि मुखाची हाडे पुरती वाढत नाहीत. कुत्र्यांच्या तोंडाच्या लांबीतील फरकाचा तिसऱ्या हिश्शाहून अधिक भाग या एका घडामोडीने उलगडतो. निसर्गात असा अपघात झालेले पिल्लू रानात फार काळ टिकले नसते. ताडोबातील रानकुत्र्याच्या टोळीत चपट्या तोंडाचे पिल्लू जन्मले तर शिकारीच्या पाठलागात ते पहिल्याच उन्हाळ्यात मागे पडेल. माणसाच्या घरात मात्र त्याला अधिक कौतुक मिळाले, कारण वाटोळे डोळे, फुगीर गाल आणि आखूड नाक पाहिले की आपल्या मनात तान्ह्या मुलाविषयीचे वात्सल्य जागे होते. आपल्या अंतःकरणातील एका कोमल वृत्तीचा भार त्या प्राण्याच्या श्वासनलिकेवर पडला आहे, या जाणिवेने मला त्या पडवीत विलक्षण अस्वस्थ केले.

याच रचनेचे दुसरे परिणाम मी थोडक्यात आटोपतो. कवटी आखूड झाल्याने डोळ्यांच्या खोबणी उथळ झाल्या आणि डोळे पुढे आले. पापण्या पुरत्या मिटत नाहीत, आणि नाकावरच्या वळीतील केस बुबुळाला घासतात. ब्रिटनमधील नोंदींत पगला बुबुळाचा व्रण होण्याची शक्यता संकर जातीच्या कुत्र्याच्या १९ पट निघाली. मोहर्लीच्या रस्त्यावरून जिप्सी गेल्यावर उठणारी मातीची धूळ अशा डोळ्याला काय करीत असेल याचा विचार प्रत्येक मालकाने करावा. वळ्यांच्या आत ओल राहून कातडी चिघळते. जबडा आखूड, परंतु दात तेवढेच, म्हणून ते आडवेतिडवे उगवतात.

परंतु पगच्या दुखण्यांतील सर्वांत भयंकर दुखणे दिसण्याशी संबंधितच नाही. ऐन तारुण्यात, पुष्कळदा वय दोन वर्षांचेही झालेले नसताना, एखाद्या पगला झटके येऊ लागतात, तो गोल गोल फिरतो, त्याची दृष्टी जाते, आणि काही आठवड्यांत वा महिन्यांत तो दगावतो. त्याच्या शरीराची संरक्षक यंत्रणाच मेंदूवर उलटते. २०१० साली असे सिद्ध झाले की रोगप्रतिकारशक्तीचे नियमन करणाऱ्या, १२व्या गुणसूत्रावरील एका प्रदेशाचे विशिष्ट रूप ज्या पगला आई आणि बाप या दोघांकडून मिळते, त्याला या व्याधीचा धोका इतर पगच्या बारापटीहून अधिक असतो. दोघांकडून तेच रूप मिळणे हा प्रकार मोठ्या, मोकळ्या समाजात विरळा. एकाच घराण्यात सोयरिकी होत राहिल्या तर नित्याचा. आणि पगचे घराणे किती संकुचित आहे? लंडनच्या इम्पीरियल कॉलेजच्या शास्त्रज्ञांनी २००८ साली केनेल क्लबच्या वंशावळी तपासल्या, आणि त्याच वर्षी बीबीसीच्या एका माहितीपटाने सांगितलेला निष्कर्ष असा होता की ब्रिटनमधील सुमारे १०,००० पगमध्ये जेमतेम ५० कुत्र्यांइतकेच जनुकीय वैविध्य उरले आहे. सगोत्र विवाह टाळण्याचा दंडक ज्या समाजाने पिढ्यान्‌पिढ्या पाळला, त्या समाजातील माणसे कुत्रे विकत घेताना मात्र आजोबा-नातीच्या सोयरिकीतून झालेले पिल्लू ‘जातिवंत’ म्हणून अधिक दाम मोजून घरी आणतात. हे अज्ञानापोटी होते, आणि ते अज्ञान दूर होणे शक्य आहे.

मराठी घरात पगने प्रवेश केला तो फार जुना नाही. त्यापूर्वी आपल्याकडे लाडका लहान कुत्रा म्हटले की पांढरा, केसाळ, ज्याला सारे सरसकट पॉमेरियन म्हणत तो डोळ्यांपुढे येई. तो वस्तुतः इंग्रजी अमदानीत इथे रुजलेला, आपल्या हवेत तगून राहिलेला भारतीय स्पिट्झ. १९९४ सालच्या ‘हम आपके हैं कौन’ या चित्रपटातील टफी याच जातीचा. त्याचे नाक टोकदार आणि पुरेसे लांब आहे, म्हणून केसांचा एवढा भार अंगावर असूनही नागपूर-चंद्रपूरचे उन्हाळे त्याने वाड्यांच्या ओसरीवर काढले. २००३ च्या सुमारास हच कंपनीच्या दूरदर्शनवरील जाहिरातीत एका लहान मुलाच्या मागोमाग चालणारा पग देशाने पाहिला. आणि त्या पिल्लाच्या निष्ठेने लोक असे भारावले की पगची मागणी शहरोशहरी वाढली. मागणी वाढली की पुरवठा करणारे पुढे येतातच, आणि पुरवठा करणाऱ्यांपैकी कितीजणांनी नराच्या व मादीच्या वंशाची खातरजमा केली असेल याविषयी मला आशा वाटत नाही. २०१७ साली केंद्र सरकारने कुत्र्यांच्या प्रजनन व विक्रीसंबंधी नियम जारी केले. प्रजनन करणाऱ्याने राज्य प्राणिकल्याण मंडळाकडे नोंदणी करावी, दफ्तर ठेवावे, आठ आठवड्यांपेक्षा लहान पिल्लू विकू नये, असा त्यांचा आशय आहे. नियम चांगले आहेत. त्यांची अंमलबजावणी गिऱ्हाईक दाखला मागेल तेव्हाच होईल.

गावकुत्र्याची गोष्ट याच्या नेमकी उलट, आणि मोहर्लीत ती उघड्यावर पाहता येते. जगभरच्या गावकुत्र्यांच्या जनुकांची जी पाहणी २०१५ साली प्रसिद्ध झाली, तीत भारतातील मोकाट कुत्र्यांत परदेशी जातींची भेसळ अत्यल्प आणि स्वतःचे प्राचीन वैविध्य भरपूर आढळले. त्यांची निवड कोणी बक्षिसासाठी केली नाही. ती ऊन, उपासमार, बिबट्या आणि रोग यांनी केली. या निवडीत दया नव्हती, आणि मी गावकुत्र्याच्या आयुष्याचे गोडवे गाणार नाही: त्यांतील कितीतरी पिल्ले वर्षही पुरे करीत नाहीत. शिवाय त्यांच्यामुळे रानाला धोका आहे तो वेगळाच. सोलापूर जिल्ह्यातील नान्नजच्या माळढोक अभयारण्याभोवती झालेल्या अभ्यासात बहुसंख्य मोकाट कुत्र्यांच्या रक्तात डिस्टेंपर आणि पार्व्हो या विषाणूंच्या संसर्गाच्या खुणा सापडल्या. आणि याच डिस्टेंपरच्या विषाणूने २०१८ साली गीरच्या सिंहांत हाहाकार माजवला होता. ताडोबातील वाघ आणि रानकुत्रे यांच्या सीमेवर राहणाऱ्या प्रत्येक कुत्र्याचे, मग तो गावचा असो की मोटारीतून आलेला, लसीकरण झालेले असणे हे म्हणूनच सरकारी सोपस्कारापलीकडचे कर्तव्य आहे. पग असो वा गावकुत्रा, लस दोघांना एकच लागते.

मग पगचे काय करावे? जाती नष्ट कराव्यात असे म्हणणारे आहेत; मला ते मान्य नाही, कारण आज जे पग घरोघरी आहेत त्यांच्याशी जडलेले प्रेम खरे आहे आणि तो प्राणी स्वभावाने अत्यंत आनंदी, माणसाळलेला व निर्वैर आहे. नेदरलँड्सने मध्यममार्ग काढला: ज्याच्या नाकाची लांबी कवटीच्या एकतृतीयांशापेक्षा कमी, त्याच्यापासून पिल्ले घेण्यास तिथे मनाई आहे. जर्मनीत काही प्रजननकर्त्यांनी पगचा जॅक रसेल टेरियरशी संकर करून, त्या संततीचा पुन्हा पगशी संबंध जोडून, थोडे पुढे आलेले नाक आणि रुंद झालेली जनुकीय पुंजी एकाच वेळी मिळवण्याचा प्रयत्न चालवला आहे. शुद्धतेचा अभिमान धरणाऱ्यांना हे रुचत नाही. परंतु होगार्थच्या चित्रातील ट्रम्पकडे पाहिले तर हा प्रयत्न जातीला बाटवणारा नसून तिला तिच्या जुन्या रूपाकडे नेणारा आहे, असे मला वाटते. आणि जो पग आज त्रासात आहे त्याच्यासाठीही इलाज आहे: अरुंद नाकपुड्या शस्त्रक्रियेने रुंद करता येतात, टाळूचा लांबलेला पडदा कापून आखूड करता येतो, वय लहान असताना आणि वजन आटोक्यात असताना हे केले तर गुण अधिक येतो. नागपूरला १९५८ पासून पशुवैद्यक महाविद्यालय आहे. विदर्भातील मालकाने ‘घोरणे ही त्याची सवय’ असे समजून गप्प न बसता निदान तपासणी तरी करून घ्यावी. ब्रिटनमधील एका पाहणीत, ज्यांच्या कुत्र्यांना श्वासाचा आजार असल्याचे स्पष्ट दिसत होते अशा मालकांपैकी निम्म्याहून अधिक मालकांनी आपल्या कुत्र्याला श्वासाची काही अडचण नाही असेच सांगितले होते. नागपूरच्या त्या बाई एकट्या नाहीत.

केंब्रिज विद्यापीठाने घडवलेली आणि २०१९ पासून केनेल क्लबने चालवलेली एक परीक्षा मला सर्वांत उपयुक्त वाटते, कारण तिला यंत्रसामग्री लागत नाही. पशुवैद्य विश्रांत कुत्र्याच्या गळ्याशी स्टेथस्कोप लावून ऐकतो. मग कुत्र्याला तीन मिनिटे दुडक्या चालीने पळवतात. आणि पुन्हा ऐकतो. आवाज नाही तर शून्य, आणि त्रास वाढत जाईल तशी तीनपर्यंत श्रेणी; तिसऱ्या श्रेणीच्या कुत्र्यापासून पिल्ले घेऊ नयेत असा दंडक. चंद्रपूर, नागपूर, पुणे, कोठेही पिल्लू घेणाऱ्याने पैसे मोजण्यापूर्वी त्याच्या आईला आणि बापाला तीन मिनिटे चालवून दाखवण्याची मागणी करावी, आणि विकणारा ती टाळू लागला तर पिल्लू तिथेच ठेवून परतावे. मात्र ही परीक्षा डिसेंबर-जानेवारीच्या सकाळी घ्यावी. आमच्या मे महिन्यात तिसऱ्या श्रेणीच्या कुत्र्याला ती तीन मिनिटेही झेपणार नाहीत.